मुक्त सॉफ्टवेअरकडे वळताना: नवख्यांसाठी पायरीपायरीने

अण्णा, म्हणजे माझे वडील, लालबागच्या एका गिरणीत साचेखात्यात होते. संपानंतर गिरणी सुटली. पुढे पुष्कळ वर्षांनी, २००४ साली, त्यांनी त्या दिवसांच्या आठवणी लिहून काढल्या. ११२ पानांचं छोटंसं पुस्तक. चाळीजवळच्या एका डीटीपीवाल्याकडून ते जुळवून घेतलं, ३०० प्रती छापल्या आणि फाइल सीडीवर भरून कपाटात ठेवली. अण्णा गेल्यावर चुलतभावांनी दुसरी आवृत्ती काढायचं मनावर घेतलं. सीडी उघडली, तर पडद्यावर इंग्रजी अक्षरं आणि चिन्हांचा नुसता चिखल. मजकूर ज्या फॉन्टमध्ये होता तो त्या सॉफ्टवेअरबरोबरच मिळायचा, सॉफ्टवेअर चालवायला संगणकाला डाँगल, म्हणजे त्याची किल्ली असलेलं छोटं उपकरण, लावावं लागायचं, आणि दुकान तर केव्हाच बंद झालेलं. लिहिलं अण्णांनी, पैसे आम्ही मोजले, सीडी आमच्याच घरात. तरी पुस्तक उघडेना.

त्या पुस्तकापायी मी मुक्त सॉफ्टवेअर शिकले. मी भांडुपला एका शाळेत मराठी शिकवते, संगणक हा माझा विषय नाही. त्यामुळे सुरुवातीला सगळं उलट्या क्रमाने केलं: पहिल्याच रविवारी लॅपटॉपवरची विंडोज पुसून लिनक्स ही मुक्त ऑपरेटिंग सिस्टिम टाकली आणि सोमवारी शाळेची प्रश्नपत्रिका छापता येईना. तुमच्यावर तो सोमवार येऊ नये म्हणून हे लिहिते आहे. क्रम असा ठेवा: आधी समजून घ्या, मग रोजचे प्रोग्रॅम बदला, मग मराठी नीट बसवा, आणि ऑपरेटिंग सिस्टिमला हात सगळ्यात शेवटी.

१. मोफत आणि मुक्त यांतला फरक मनात पक्का करा

मोफत म्हणजे पैसे न पडता मिळालेलं. मुक्त म्हणजे वापरायला, उघडून पाहायला, बदलायला आणि दुसऱ्याला द्यायला मोकळं असलेलं. मराठीत दोन वेगळे शब्द आहेत हे आपलं भाग्य, ते एकमेकांच्या जागी वापरू नका. फोनवरची कितीतरी ॲप मोफत असतात, पण ती आत काय करतात हे पाहायची सोय नसते. उलट मुक्त सॉफ्टवेअर कोणी पैसे घेऊन विकलं तरी ते मुक्तच राहतं.

ही कल्पना आली कुठून, तेही सांगते, कारण मला ती अण्णांच्या सीडीसारखीच वाटते. अमेरिकेतल्या एमआयटीच्या कृत्रिम बुद्धिमत्ता प्रयोगशाळेत झेरॉक्स कंपनीचा लेझर प्रिंटर आला होता. कागद अडकायचा. रिचर्ड स्टॉलमन तिथे काम करत. जुन्या प्रिंटरच्या प्रोग्रॅममध्ये त्यांनी अशी सोय केली होती की कागद अडकला की संबंधितांच्या पडद्यावर सूचना यावी. नव्या प्रिंटरचा सोर्स कोड, म्हणजे प्रोग्रॅम लिहिताना लिहिलेला मूळ मजकूर, त्यांना मिळालाच नाही. प्रिंटर समोर, दुरुस्ती येते, पण करता येत नाही. २७ सप्टेंबर १९८३ रोजी त्यांनी जीएनयू प्रकल्प जाहीर केला: संपूर्ण प्रणाली नव्याने लिहायची आणि ती सर्वांसाठी मुक्त ठेवायची. १९८५ मध्ये फ्री सॉफ्टवेअर फाउंडेशन उभं राहिलं. १९९१ मध्ये हेलसिंकीत शिकणाऱ्या २१ वर्षांच्या लिनस टोरवाल्ड्स यांनी लिनक्स हा गाभा, म्हणजे कर्नल, लिहायला घेतला. जीएनयूची अवजारं आणि लिनक्सचा गाभा एकत्र आल्यावर संगणक पूर्णपणे मुक्त सॉफ्टवेअरवर चालू लागला. ‘ओपन सोर्स’ हा शब्द त्यानंतरचा, १९९८ चा. दोन्ही शब्द बहुतेक वेळा एकाच सॉफ्टवेअरबद्दल बोलतात. ‘मुक्त’ म्हणणारे हक्कावर भर देतात, ‘ओपन सोर्स’ म्हणणारे काम करण्याच्या पद्धतीवर. नवख्याने या वादात शिरायची गरज नाही. मी ‘मुक्त’ म्हणते, कारण मला हक्कच हवा होता.

परवाना, म्हणजे सॉफ्टवेअर कोणत्या अटींवर वापरायचं ते सांगणारा मजकूर, हा शब्द वारंवार भेटेल. सगळ्यांत प्रसिद्ध परवाना म्हणजे जीपीएल. तो असा समजा: आमच्या चाळीत भजनी मंडळाची एक वही होती. कोणीही ती उतरवून घ्यायचं, आपल्या गावचे दोन अभंग त्यात घालायचं. अट एकच: तुमची वाढवलेली वही दुसरा कोणी मागायला आला, तर त्यालाही ती उतरवून घेऊ द्यायची. जीपीएल हेच सांगतो: बदललेलं सॉफ्टवेअर पुढे देताना हेच हक्कही पुढे द्या. एमआयटी, बीएसडी, अपाचे हे परवाने सैल आहेत. त्यांत ही अट नसते.

२. आज तुम्ही काय वापरता ते बघून घ्या

ही पायरी दहा मिनिटांची, पण भीती घालवणारी. तुमच्या अँड्रॉइड फोनचा गाभा लिनक्सचाच आहे. १ मे २००३ रोजी सुरू झालेला मराठी विकिपीडिया मीडियाविकी या मुक्त सॉफ्टवेअरवर चालतो. फोनवर ‘स्त्री’ किंवा ‘दृष्ट्या’ लिहिल्यावर अक्षरं नीट जोडली जातात, ते काम हार्फबझ नावाची एक मुक्त लायब्ररी, म्हणजे इतर प्रोग्रॅमना वापरता येणारा तयार कोड, करते. अँड्रॉइड, फायरफॉक्स आणि लिबरऑफिस या तिन्हींत तीच आहे. कोणतीही व्हिडिओ फाइल उघडणारा तो नारिंगी शंकूवाला व्हीएलसी पॅरिसजवळच्या विद्यार्थ्यांनी सुरू केला आणि २००१ मध्ये मुक्त केला. म्हणजे तुम्ही नवखे असाल, अनोळखी नाही.

३. विंडोज तशीच ठेवा, प्रोग्रॅम बदला

निदान एक महिना एवढंच करा. खालचे सगळे प्रोग्रॅम विंडोजवरही चालतात, म्हणून चुकलं तरी काही बिघडत नाही.

• पत्रं, तक्ते, सादरीकरण: लिबरऑफिस
• ब्राउझर: फायरफॉक्स
• फोटो सुधारणं: गिंप, चित्र काढायचं असेल तर क्रिटा
• लोगो, बॅनर, लग्नपत्रिका: इंकस्केप
• पुस्तक, स्मरणिका, अहवाल जुळवणी: स्क्रायबस
• आवाज कापणं-जोडणं: ऑडॅसिटी
• पडद्याचं चित्रण: ओबीएस
• झिप फाइल: सेव्हन-झिप
• पासवर्ड सांभाळणं: कीपासएक्ससी

एकदम सगळे घेऊ नका. मी पहिल्या महिन्यात फक्त लिबरऑफिस आणि फायरफॉक्स घेतलं.

इथे तीन सापळे आहेत.

पहिला, खोटी डाउनलोड पानं. प्रोग्रॅमचं नाव शोधलं की सर्वात वर अनेकदा जाहिरात येते, आणि ती हुबेहूब खऱ्यासारख्या दिसणाऱ्या पानावर नेते. तिथून उतरवलेल्या फाइलबरोबर नको ते सॉफ्टवेअर घरात शिरतं. प्रोग्रॅमच्या मूळ संस्थेच्या संकेतस्थळावरूनच घ्या. ते ओळखता येत नसेल तर विकिपीडियावर त्या प्रोग्रॅमचं पान उघडा आणि तिथल्या चौकटीतला दुवा वापरा. मुक्त सॉफ्टवेअर उतरवण्यासाठी कोणी कार्डचा नंबर मागत असेल तर लगेच पान बंद करा.

दुसरा सापळा फाइलच्या प्रकाराचा. लिबरऑफिस आपली फाइल ओडीटी प्रकारात साठवतं. हे उघडं मानक आहे, २००६ पासून आयएसओ या आंतरराष्ट्रीय मानक संस्थेचंही, आणि तुमची मूळ प्रत त्यातच ठेवा असं मी आग्रहाने सांगेन; वीस वर्षांनी ती उघडता येण्याची शाश्वती त्यातच जास्त आहे. पण मुख्याध्यापकांना, सीएला किंवा सोसायटीच्या सेक्रेटरींना पाठवताना पीडीएफ पाठवा, आणि त्यांना बदल करायचे असतील तर ‘सेव्ह ॲज’ करून डॉक्सची वेगळी प्रत पाठवा. माझ्या एका सहकारी बाईंनी ओडीटी फाइल थेट पाठवली. समोरच्याकडे ती नीट उघडली नाही आणि दोष सगळा लिबरऑफिसच्या माथी आला.

तिसरा फॉन्टचा. वर्डमध्ये केलेली फाइल लिबरऑफिसमध्ये उघडल्यावर पानं सरकतात, तक्ता खाली उतरतो. बहुतेक वेळा कारण एवढंच असतं की कॅलिब्री किंवा कँब्रिया हे फॉन्ट त्या संगणकावर नसतात. त्याच मापाचे मुक्त फॉन्ट आहेत, कार्लिटो आणि कॅलाडिया. ते टाकलेत की पानं बरीचशी जागेवर येतात.

आता प्रामाणिकपणे सांगायच्या गोष्टी. गिंपची मांडणी फोटोशॉपपेक्षा वेगळी आहे. ज्यांचा हात वर्षानुवर्षं फोटोशॉपवर बसलाय त्यांना पहिले पंधरा दिवस चिडचिड होईल. एक्सेलमधले मोठे मॅक्रो, म्हणजे नेहमीची कामं आपोआप करणाऱ्या सूचना, लिबरऑफिसमध्ये जसेच्या तसे चालतील असं धरून चालू नका. दुकानाचा हिशेब टॅलीवर असेल तर तो संगणक विंडोजवरच राहू द्या. डिजिटल सहीचा यूएसबी टोकन वापरत असाल, तर त्याचा ड्रायव्हर, म्हणजे ते उपकरण संगणकाशी जोडून चालवणारा प्रोग्रॅम, लिनक्ससाठी आहे का हे विक्रेत्याला आधी विचारा. घरात एक संगणक विंडोजवर राहिला म्हणून काही पाप लागत नाही.

४. मराठी नीट बसवा

ही पायरी बहुतेक मार्गदर्शक दोन ओळींत उरकतात. मी उरकणार नाही, कारण अण्णांचं पुस्तक इथेच अडकलं होतं.

जुन्या डीटीपी फॉन्टमध्ये ‘क’ हा खरा ‘क’ नसतो. संगणकाच्या लेखी तिथे एखादं इंग्रजी अक्षर किंवा चिन्ह असतं, फॉन्ट त्याला फक्त ‘क’चा पोशाख घालतो. फॉन्ट काढला की पोशाख उतरतो. युनिकोडमध्ये प्रत्येक मराठी अक्षराला स्वतःचा क्रमांक आहे. फॉन्ट कोणताही लावा, मजकूर मराठीच राहतो, शोधता येतो, फोनवरही वाचता येतो. म्हणून पहिला नियम: आजपासून एकही नवी ओळ युनिकोडखेरीज टाइप करू नका. छापखान्याने जुना फॉन्ट मागितला तरी मूळ प्रत युनिकोडमध्ये ठेवा आणि त्यांना पीडीएफ द्या.

टायपिंगसाठी दोन वाटा आहेत. उच्चारानुसारी, म्हणजे इंग्रजी अक्षरांवरून मराठी उमटवणारी. आणि इनस्क्रिप्ट, हा भारतीय भाषांसाठीचा प्रमाणित कीबोर्ड. दोन्ही विंडोजमध्येही मिळतात आणि लिनक्समध्येही. मी इनस्क्रिप्टच शिका म्हणते. डाव्या हाताला स्वर आणि मात्रा, उजव्या हाताला व्यंजनं, अशी त्याची रचना आहे. हलन्त इंग्रजी डीवर. ‘ष्ट्र’ लिहायचं तर ष, हलन्त, ट, हलन्त, र. जसं बोलतो त्याच क्रमाने. ‘ळ’ शिफ्ट धरून एनवर. आणि ज्यावर सगळे अडतात ते ‘करणाऱ्या’मधलं अर्धचंद्री ‘र’ असं येतं: शिफ्ट धरून जे दाबा, म्हणजे नुक्त्याचा ‘ऱ’ उमटेल, मग हलन्त, मग य. रोज अर्धा तास दिलात तर तीन आठवड्यांत बोटं वळतात. माझी आठवीतली मुलं दहा दिवसांत शिकली.

लिबरऑफिसमध्ये मराठी लिहिण्याआधी एक खूण करायची असते. टूल्समधून ऑप्शन्स, तिथे भाषांचा विभाग, आणि त्यात ‘कॉम्प्लेक्स टेक्स्ट लेआउट’ चालू करून भाषा मराठी निवडा. लिबरऑफिस इंग्रजी मजकुराचा फॉन्ट आणि देवनागरीचा फॉन्ट वेगवेगळे धरतं. हे माहीत नसलं की माणूस शैलीमध्ये फॉन्ट बदलत राहतो आणि मराठी ओळी जागच्या हलत नाहीत. मराठी शुद्धलेखन तपासणीचा शब्दसंग्रहही एक्स्टेन्शन म्हणून मिळतो. त्याला सगळे शब्द ठाऊक नाहीत, तरी ऱ्हस्व-दीर्घाच्या ढोबळ चुका पकडतो.

मुक्त फॉन्ट भरपूर आहेत. नोटो आणि लोहित रोजच्या कामाला उत्तम. मुंबईच्याच ‘एक टाइप’ या अक्षररचनाकारांच्या गटाने केलेले मुक्ता आणि बालू हे फॉन्ट मुक्त परवान्यावर मिळतात. आयआयटी मुंबईत झालेला शोभिका फॉन्ट संस्कृत आणि अभ्यासपूर्ण मजकुराला शोभतो. एक बारकावा: काही फॉन्टमध्ये ‘ल’ आणि ‘श’ हिंदी वळणाचे दिसतात, पण मजकुराची भाषा मराठी अशी लावली की आपल्या वळणाचे होतात. फॉन्ट टाकून देण्याआधी भाषा लावून पाहा.

जुन्या फाइलींचं काय? फॉन्टचं नाव माहीत असेल आणि तो चलनातला असेल तर युनिकोडमध्ये बदलून देणारे कन्व्हर्टर मिळतात. बदललेला मजकूर छापील प्रतीशी ताडून पाहाच. रफार आणि पहिली वेलांटी हमखास सरकलेली असते. आमच्या सीडीतल्या फॉन्टसाठी काही मिळालं नाही. तेव्हा छापील पुस्तकच ३०० डीपीआयवर स्कॅन केलं आणि टेसरॅक्टकडे दिलं. हे चित्रातली अक्षरं ओळखणारं मुक्त सॉफ्टवेअर. मुळात ह्यूलेट-पॅकार्डच्या प्रयोगशाळेत लिहिलेलं, २००५ मध्ये खुलं झालं. त्याला मराठी येते, मात्र मराठीची फाइल वेगळी घ्यावी लागते. ‘जीइमेजरीडर’ या प्रोग्रॅममधून ते माऊसने चालवता येतं. अनुस्वार गळाले, ‘घ’चे ‘ध’ झाले, ‘साचा’ काही ठिकाणी ‘साधा’ झाला. दिवसाला चार पानं तपासत महिन्याभरात पुस्तक पूर्ण झालं. शेवटचं पान तपासलं त्या रात्री आईला मोबाइलवर पहिलं प्रकरण उघडून दाखवलं. तिने अक्षरं मोठी करून मागितली आणि वाचत बसली.

५. लिनक्सकडे जायचं ठरलं, तर हे सामान जमवा

विंडोज १० चा सांभाळ १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला, आणि विंडोज ११ बऱ्याच जुन्या संगणकांना स्वीकारत नाही. असे चांगले लॅपटॉप भंगारात जात आहेत. माझं म्हणणं, भंगारवाल्याला हाक मारण्याआधी ही पायरी करून पाहा.

• ८ जीबी किंवा मोठा पेन ड्राइव्ह, ज्यातला सगळा डेटा पुसला तरी चालेल
• बॅकअपसाठी वेगळी बाहेरची हार्ड डिस्क
• साधारण ३ जीबीची फाइल उतरवण्याइतकं इंटरनेट. मोबाइलचा रोजचा डेटा पुरत नाही, घरच्या वायफायवर करा
• वायफायचा पासवर्ड कागदावर
• बिटलॉकरची, म्हणजे डिस्कला कुलूप लावणाऱ्या विंडोजच्या सोयीची, ४८ अंकी रिकव्हरी की (याविषयी पुढे)
• प्रिंटर आणि स्कॅनर यांचे नेमके मॉडेल क्रमांक
• मदत शोधायला हाताशी दुसरा फोन किंवा संगणक

लॅपटॉपमध्ये जुनी फिरती हार्ड डिस्क असेल तर ती काढून एसएसडी, म्हणजे न फिरणारी वेगवान डिस्क, बसवा. याने जेवढा फरक पडतो तेवढा इतर कशानेही पडत नाही. ग्रँट रोड स्टेशनला पूर्वेला उतरून लॅमिंग्टन रोड गाठा, पाटीवर डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग. रविवारी बहुतेक दुकानं बंद असतात, म्हणून शनिवारी जा. लॅपटॉपचा मॉडेल क्रमांक आणि जमलं तर जुन्या डिस्कचा फोटो बरोबर न्या, दोन-तीन दुकानांत भाव विचारा आणि जीएसटीचं बिल घेतल्याशिवाय हलू नका, वॉरंटी त्यावरच मिळते. ‘सगळी सॉफ्टवेअर टाकून देतो’ असं कोणी म्हटलं तर नम्रपणे नको म्हणा. ती बहुधा कुलूप तोडलेली असतात, आणि तोडलेल्या कुलपातून इतर काय आत येतं ते दिसत नाही.

६. पेन ड्राइव्हवरून चालवून पाहा

लिनक्सच्या गाभ्यावर बांधलेले वेगवेगळे तयार संच मिळतात. नवख्यांसाठी मी त्यांतलं लिनक्स मिंट सुचवते. मांडणी विंडोजच्या जवळची, प्रत्येक मुख्य आवृत्तीला पाच वर्षं सुधारणा मिळतात. ४ जीबी रॅम असेल तर त्याची एक्सएफसीई ही हलकी आवृत्ती घ्या, ८ जीबी असेल तर सिनॅमन. उबुंटू, फेडोरा, डेबियन हेही उत्तम. चेन्नईच्या सी-डॅकने बनवलेलं बॉस नावाचं भारतीय लिनक्सही आहे. पण निवडीच्या घोळात महिने घालवणारे मी पाहिलेत. एक घ्या आणि पुढे चला.

मिंटच्या मूळ संकेतस्थळावरून आयएसओ फाइल, म्हणजे अख्खी सिस्टिम एकत्र बांधलेली फाइल, उतरवा. तिथेच दिलेला चेकसम, म्हणजे लांबलचक खूणक्रमांक, आपल्या फाइलशी जुळतो का पाहा. फाइल अर्धवट उतरली असेल तर इथेच कळतं. मग रूफस या छोट्या मुक्त प्रोग्रॅमने ती पेन ड्राइव्हवर लिहा. नुसती कॉपी-पेस्ट करून चालत नाही, ही फार जणांची चूक.

संगणक बंद करून पेन ड्राइव्ह लावा, आणि चालू करताना बूट मेन्यूचं, म्हणजे संगणक कशावरून सुरू करायचा ते विचारणाऱ्या यादीचं, बटण दाबत राहा. डेल आणि लेनोवोवर सहसा एफ १२, एचपीवर एफ ९, आसूसवर एस्केप. पेन ड्राइव्ह निवडलात की मिंट उघडेल. हार्ड डिस्कला अजून काही झालेलं नाही. या अवस्थेत तासभर तपासा: वायफाय, आवाज, कॅमेरा, टचपॅड, झाकण लावून उघडल्यावर जागा होतो का, आणि प्रिंटर. मी प्रिंटरच तपासला नव्हता. काही नाही चाललं तर पेन ड्राइव्ह काढा आणि विंडोज जशीच्या तशी आहे.

७. आता टाका, पण या क्रमाने

बॅकअप घ्या, आणि तो बॅकअप दुसऱ्या संगणकावर उघडून पाहा. न उघडलेला बॅकअप धरूच नका. फोटो, शाळेच्या फाइली, ब्राउझरमधले पासवर्ड, व्हॉट्सॲपवरून उतरवलेली कागदपत्रं. डेस्कटॉपवर टाकलेलं बरंच काही विसरलं जातं.

विंडोज ठेवून बाजूला लिनक्स टाकणार असाल तर आधी बिटलॉकर किंवा ‘डिव्हाइस एन्क्रिप्शन’ चालू आहे का पाहा. नव्या लॅपटॉपवर ते अनेकदा आपल्या नकळत चालू असतं. रिकव्हरी की तुमच्या मायक्रोसॉफ्ट खात्यात मिळते. ती कागदावर उतरवल्याशिवाय बूटच्या कोणत्याही सेटिंगला हात लावू नका, नाहीतर विंडोज ती की मागत बसेल आणि डेटा आतच राहील. विंडोजचा ‘फास्ट स्टार्टअप’ही बंद करा. इन्स्टॉल करताना डिस्कच दिसत नसेल तर घाबरू नका. काही इंटेल लॅपटॉपवर बायोसमध्ये, म्हणजे संगणक चालू होतानाच्या मूळ सेटिंगमध्ये, डिस्क आरएसटी पद्धतीवर लावलेली असते. ते बदलणं जपून करायचं काम आहे, तिथे जाणकाराला विचारा.

इन्स्टॉलर थोडेच प्रश्न विचारतो. त्यातले तीन लक्षपूर्वक वाचा. ‘इरेज डिस्क’ म्हणजे सगळं पुसणार. ‘अलाँगसाइड’ म्हणजे विंडोजच्या शेजारी बसणार. कीबोर्ड विचारला की इंग्रजी, यूएस हाच निवडा. हौसेने भारतीय कीबोर्ड निवडलात तर पासवर्डच्या चौकटीत देवनागरी उमटू शकते आणि आत शिरता येत नाही. मराठी कीबोर्ड नंतर जोडता येतो. वेळेच्या यादीत मुंबई सापडणार नाही, कोलकाता निवडा. भारताची वेळ त्याच नावाने आहे. मल्टिमीडिया कोडेकच्या, म्हणजे गाणी आणि व्हिडिओ चालवायला लागणाऱ्या भागांच्या, चौकटीत खूण करा. अर्ध्या तासात काम होतं.

८. पहिला दिवस

अपडेट मॅनेजर उघडून सगळ्या सुधारणा घ्या. ड्रायव्हर मॅनेजर पाहा. टाइमशिफ्ट चालू करा; सिस्टिम बिघडली तर ते कालच्या अवस्थेला परत नेतं. पण त्यात तुमच्या फाइली नसतात, त्यांचा बॅकअप वेगळा. कीबोर्डच्या सेटिंगमध्ये जाऊन मराठी जोडा आणि भाषा बदलायचं बटण ठरवा.

नवे प्रोग्रॅम सॉफ्टवेअर मॅनेजरमधूनच घ्या. टर्मिनल ही काळी खिडकी कधीतरी लागेल; उपयोगाची आहे. पण कुठूनतरी मिळालेली ‘सुडो’ने सुरू होणारी ओळ अर्थ न कळता तिथे चिकटवू नका. सुडो म्हणजे घराच्या सगळ्या किल्ल्या.

९. अडलं तर कुठे जायचं

आयआयटी मुंबईचा ‘स्पोकन ट्युटोरियल’ प्रकल्प आधी पाहा. लिनक्स, लिबरऑफिस, गिंप अशा अनेक विषयांवर साधारण दहा-दहा मिनिटांचे धडे, आणि त्यांतले पुष्कळ मराठीत. मी लिबरऑफिस रायटर तिथूनच शिकले. धडा चालू ठेवायचा, शेजारी प्रोग्रॅम उघडा ठेवायचा आणि थांबवत थांबवत करत जायचं. तिथलाच ‘फॉसी’ हा शिक्षणात मुक्त सॉफ्टवेअर आणणारा प्रकल्प अभियांत्रिकीच्या मुलांना ठाऊक असायला हवा. सर्किटसाठी ईसिम हे मुक्त सॉफ्टवेअर तिथेच तयार झालं. वाणिज्य शाखेच्या मुलांना सांगा की ईआरपीनेक्स्ट हे धंद्याचे हिशेब-व्यवहार सांभाळणारं, जगभर वापरलं जाणारं मुक्त सॉफ्टवेअर मुंबईतल्या फ्रापे या कंपनीचं आहे. मानखुर्दच्या होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्रातही शाळांसाठी मुक्त सॉफ्टवेअरवर बरंच काम झालं आहे.

माणसांना भेटायचं असेल तर फॉस युनायटेड या मुक्त सॉफ्टवेअरवाल्यांच्या संस्थेचे मुंबईतले मेळावे शोधा. मी पहिल्यांदा गेले तेव्हा सगळे माझ्या निम्म्या वयाचे होते. रफार सरकतो कसा हे मी फळ्यावर काढून दाखवलं, तर चारजण वही घेऊन बसले.

प्रश्न विचारताना एवढं सांगा: कोणती आवृत्ती, काय करत होतात, पडद्यावर नेमकी कोणती ओळ आली. फोटो जोडा. ‘चालत नाही’ एवढ्यावर कोणी मदत करू शकत नाही.

शाळेत किंवा कार्यालयात हे पटवायचं असेल तर दोन गोष्टी कामी येतात: भारत सरकारने २०१५ मध्ये ओपन सोर्स सॉफ्टवेअर स्वीकारण्याचं धोरण जाहीर केलं आहे, आणि केरळच्या सरकारी शाळांत बरीच वर्षं मुक्त सॉफ्टवेअरवरच शिकवतात. तरी पहिल्याच बैठकीत सगळे संगणक बदलायचा प्रस्ताव ठेवू नका. एक संगणक मागा, त्यावर शाळेचं वार्षिक काढून दाखवा.

१०. सहा महिन्यांनी

प्रोग्रॅमिंग न येणाऱ्यालाही इथे काम आहे. लिबरऑफिसचं मराठी भाषांतर वेबलेटवर होतं, फायरफॉक्सचं पाँटूनवर. ब्राउझरमधूनच भाषांतर करायच्या या जागा आहेत. मी स्वतः पहिले काही महिने मेन्यू इंग्रजीतच ठेवले होते, कारण मराठी मेन्यूतले काही शब्द मराठीच्या शिक्षिकेलाही पटकन उमगेनात. ते सोपे करणं हे आपलंच काम, दुसरं कोण करणार? वेबलेटवर खातं उघडा, भाषा मराठी निवडा, आधी न भाषांतरलेल्या छोट्या ओळी घ्या, आणि असलेला शब्द बदलायचा असेल तर थेट बदलण्याऐवजी सूचना म्हणून लिहा. लिहायला वेळ नसेल तर मोझिलाच्या कॉमन व्हॉइसवर मराठी वाक्यं आपल्या आवाजात वाचा. संगणकाला बोललेली मराठी समजावी म्हणून ते आवाज सर्वांना वापरायला खुले ठेवले जातात. मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी वळणाचे आवाज तिथे आले पाहिजेत. माझी आई रोज दुपारी पाच वाक्यं वाचते, अगदी सावकाश, गिरणगावच्या हेलात.